सभासदत्व रद्द झालंय? कागद घेऊन येण्याआधी हे वाचा

मंडळ, क्लब, वाचनालय, जिमखाना, ज्ञातिसंस्था अशा ठिकाणाहून काढलेले सभासद संस्थेला द्यायच्या नोटिशीचा मसुदा करून घ्यायला आमच्याकडे येतात ते आरोप खोटा असल्याचे पुरावे घेऊन. फोटो, साक्षीदारांची पत्रं, व्हॉट्सअॅपचे स्क्रीनशॉट असं सगळं असतं. संस्थेची नोंदणीकृत नियमावली मात्र नसते. वेळ जातो तो इथेच, कारण आरोप खरा की खोटा याची फेरतपासणी दिवाणी न्यायालय सहसा करत नाही.

बेळगावच्या एका फ्रीमेसन लॉजमधून (फ्रीमेसन या बंधुसंघटनेच्या स्थानिक शाखेतून) काढलेल्या सभासदाच्या दाव्यात (टी. पी. डावर विरुद्ध लॉज व्हिक्टोरिया) सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली हे स्पष्ट केलं. सभासद आणि संस्था यांचं नातं कराराचं, आणि तो करार म्हणजे नियमावली. न्यायालय संस्थेच्या निर्णयावरचं अपील ऐकत नाही. काढण्याचा अधिकार नियमांत आहे का, नियमांप्रमाणे कारवाई झाली का, सभासदाला बाजू मांडायची खरी संधी मिळाली का आणि निर्णय प्रामाणिकपणे घेतला का, एवढंच पाहतं. डावर हरले. प्रत्येक बारीक चुकीने ठराव रद्द होत नाही, हेही त्याच निकालात आहे. नोटिशीवर जावक क्रमांक नाही, एवढ्यावर दावा उभा राहत नाही. नोटिशीत आरोपच लिहिला नसेल, तर मात्र मुद्दा भक्कम.

म्हणून आधी नियमावलीची प्रमाणित नक्कल काढा. महाराष्ट्रात त्यासाठी धर्मादाय कार्यालयातल्या सहायक संस्था निबंधकांकडे नक्कल अर्ज करावा लागतो. संस्थेने छापलेल्या पुस्तिकेवर भिस्त ठेवू नका. त्यातली दुरुस्ती नोंदवलेलीच नसते, असं वारंवार आढळतं. नकलेशिवाय आम्ही मसुदा करत नाही. काहींना हा हट्ट वाटतो, पण चुकीच्या कलमावर बेतलेली नोटीस पुढे दाव्यात तुमच्याच विरुद्ध वाचली जाते.

सोबत कारणे दाखवा नोटीस आणि तिचं पाकीट आणा. पाकीट फेकू नका: नोटीस कधी टपालात पडली ते त्यावरच्या शिक्क्यावरून कळतं आणि उत्तराला किती दिवस मिळाले ते मोजता येतं. तुमचं उत्तर व त्याची पोच, ठरावाची प्रत आणि वर्गणीच्या पावत्याही हव्यात. १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याच्या कलम १५ प्रमाणे तीन महिन्यांहून जास्त वर्गणी थकलेल्याला मताचा अधिकार नसतो, आणि दावा लागला की संस्था पहिल्यांदा हेच काढते.

नियमावलीत सर्वसाधारण सभेकडे किंवा विश्वस्तांकडे अपील असेल तर ते मुदतीत करा. ते वगळून दावा लावला, तर ‘आधी आतला मार्ग वापरा’ हे संस्थेचं पहिलं उत्तर ठरलेलं. ठराव बेकायदा ठरवून घेण्याच्या दाव्याला मुदत कायद्याच्या अनुच्छेद ५८ प्रमाणे तीन वर्षं असली, तरी निवडणूक तोंडावर असताना मनाई हुकूम हवा असेल तर उशीर आड येतो.

सहकारी गृहनिर्माण संस्थेचा मार्ग वेगळा. तिथले वाद स्वरूपाप्रमाणे सहकारी संस्थांच्या निबंधकांकडे किंवा महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातात. दिवाणी न्यायालयाला त्याच कायद्याच्या कलम १६३ ची आडकाठी आहे.

कार्यकारिणीच्या मंडळींनाही हेच सांगणं: आरोप नोटिशीत तारखेनिशी लिहा, ज्याने तक्रार केली त्याला निर्णयाला बसवू नका, ठरावात कारणं नोंदवा. नोटीस काढण्याआधी मसुदा दाखवलात, तर पुढचा बराच खर्च वाचतो.

एक गोष्ट आम्ही आधीच सांगतो. कारवाईतल्या चुकीमुळे ठराव रद्द झाला, तरी संस्था नियमाप्रमाणे नव्याने नोटीस काढू शकते. त्यामुळे समेटाची शक्यता असेल तर पहिल्या भेटीतच सांगा. तडजोडीचं पत्रही आम्ही तयार करतो. दावा चालवणं तुमच्या वकिलांचं काम. त्यांच्या हाती द्यायची तारीखवार, पानं क्रमांकित केलेली फाइल आमच्याकडून मिळेल.