विजयदुर्गातले ‘साहेबाचे कट्टे’ आणि हेलियम: दोन ग्रहणांची गल्लत

विजयदुर्ग किल्ल्यात ‘साहेबाचे कट्टे’ म्हणून ओळखले जाणारे चौथरे आहेत. 18 ऑगस्ट 1868 रोजी ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ नॉर्मन लॉकयर यांनी इथूनच खग्रास सूर्यग्रहण पाहिले आणि हेलियमचा शोध लावला, असे सर्रास सांगितले जाते. त्या तारखेला किल्ल्यावर हेलियम दिनही साजरा होतो. यातला माणूस खरा, जागा खरी, चौथरेही खरे. तारीख मात्र दुसऱ्याच ग्रहणाची आहे. लॉकयर विजयदुर्गाला आले ते 22 जानेवारी 1898 च्या ग्रहणासाठी. तोवर हेलियम प्रयोगशाळेतल्या नळीत येऊन तीन वर्षे होत आली होती.

1868 च्या ग्रहणाचा खग्रास पट्टा एडनकडून अरबी समुद्र ओलांडून भारतात शिरला होता आणि विजयदुर्ग त्या पट्ट्यात होते. गल्लत होण्यासारखी परिस्थिती होतीच. पण ऑगस्टच्या मध्यावर कोकण किनाऱ्यावर काय हवा असते, हे इथल्या माणसाला सांगायला नको. समुद्र खवळलेला, आभाळ भरलेले. जड उपकरणे उतरवायची तर ती कुठून? वेध घेणारी पथके म्हणूनच कोकण सोडून घाटापलीकडच्या मुलुखात गेली. जॉन हर्शेल (थोरल्या सर जॉन हर्शेल यांचे चिरंजीव) जमखिंडीला होते, कॅप्टन हेग विजापूरला, फ्रान्सचे पियेर जान्सेन आणि मेजर टेनंट गुंटूरला, मद्रास वेधशाळेचे पॉगसन मच्छलीपट्टणला. जमखिंडीलाही ढगांनी छळलेच. हर्शेल यांना मधल्या फटींतून काम उरकावे लागले.

लॉकयर तेव्हा भारतात नव्हतेच. लंडनमध्ये युद्ध खात्यात कारकुनी करून उरलेल्या वेळात ते सूर्याचे निरीक्षण करत.

त्या सकाळी या मंडळींना काय हवे होते? ग्रहणात चंद्राच्या काळ्या कडेबाहेर लालसर जिभा दिसतात, त्यांना तेजःशृंग म्हणतात. त्या सूर्याच्या की चंद्राच्या, घन की वायुरूप, हे ठरायचे होते. दुर्बिणीच्या टोकाला वर्णपटदर्शक (उजेडातले रंग सुटे करून दाखवणारे उपकरण) लावला, त्याची बारीक फट तेजःशृंगावर आणली, आणि अखंड इंद्रधनुषी पट्ट्याऐवजी सुट्या चमकदार रेषा दिसल्या. सुट्या रेषा म्हणजे तापलेला, विरळ वायू. लाल आणि निळी रेषा हायड्रोजनच्या म्हणून ओळखता आल्या. तिसरी पिवळी होती. सोडियमच्या D रेषा पिवळ्यातच येतात, म्हणून बहुतेकांनी तिला D समजून सोडून दिले. पॉगसन यांनी ती D वर किंवा D च्या जवळ असल्याची नोंद केली.

जान्सेन यांची मोठी कामगिरी वेगळीच आहे. रेषा इतक्या तेजस्वी होत्या की ग्रहण नसतानाही त्या दिसायला हव्यात, असे त्यांच्या मनाने घेतले, आणि दुसऱ्याच दिवशी त्यांनी त्या पाहून दाखवल्या. यामागची युक्ती अशी: आकाशाचा विखुरलेला पांढरा उजेड लोलकातून जितका जास्त पसरवाल तितका तो फिका पडतो, कारण तो सगळ्या रंगांत वाटला जातो. रेषेचा उजेड एकाच तरंगलांबीचा असतो, तो पसरत नाही. म्हणून लोलक वाढवत गेले की पार्श्वभूमी विझत जाते आणि रेषा उठून दिसते. हाच विचार लॉकयर यांनी ग्रहणाआधीच केला होता, पण त्यांचे उपकरण कारागीर जॉन ब्राउनिंग यांच्याकडून ऑक्टोबर 1868 मध्ये हाती आले. 20 ऑक्टोबरला त्यांनी लंडनहून त्या रेषा पाहिल्या. जान्सेन यांचे भारतातून निघालेले पत्र आणि लॉकयर यांची बातमी पॅरिसच्या विज्ञान अकादमीत एकाच बैठकीत, 26 ऑक्टोबरला पोहोचली. पुढे फ्रेंच सरकारने दोघांचे चेहरे असलेले एकच पदक काढले, ते योग्यच झाले.

नव्या मूलद्रव्याचा धागा मात्र लॉकयर यांनी पकडला, आणि तो नुसत्या मोजमापाच्या जोरावर. सोडियमच्या दोन रेषा 589.0 आणि 589.6 नॅनोमीटरवर आहेत. सूर्याच्या कडेची पिवळी रेषा 587.6 वर निघाली. फरक दीड नॅनोमीटरहून कमी, पण चांगल्या उपकरणात तो लपत नाही. तिला D3 म्हटले गेले. रसायनज्ञ एडवर्ड फ्रँकलंड यांच्याबरोबर लॉकयर यांनी दाब आणि तापमान बदलून हायड्रोजनमधून ती काढायचा प्रयत्न केला, आली नाही. 1871 मध्ये विल्यम थॉमसन (पुढचे लॉर्ड केल्व्हिन) यांनी ब्रिटिश असोसिएशन या विज्ञानसंस्थेपुढच्या भाषणात हेलियम हे नाव घेतले.

तरी पंचवीस वर्षे अनेक जण या मूलद्रव्यावर विश्वास ठेवायला तयार नव्हते, आणि त्याला कारण होते. सूर्याच्या साध्या उजेडाच्या वर्णपटात मूलद्रव्ये काळ्या रेषांवरून ओळखतात, त्यांत D3 दिसत नाही. ही रेषा निघायला हेलियमचा इलेक्ट्रॉन आधी सुमारे 23 इलेक्ट्रॉनव्होल्ट (ऊर्जेचे एकक) इतक्या ऊर्जेपर्यंत चढावा लागतो. सूर्याच्या सुमारे 5,800 केल्विनच्या दृश्य पृष्ठभागावर हे जवळजवळ घडत नाही. त्याच्यावरच्या विरळ वायूच्या थरात, म्हणजे वर्णावरणात, घडते. सूर्याच्या वस्तुमानाचा सुमारे चौथा भाग असलेला वायू म्हणूनच ग्रहणापर्यंत नजरेआड राहिला.

मार्च 1895 मध्ये लंडनला विल्यम रॅम्झी आर्गॉनच्या शोधात क्लेव्हाइट हे युरेनियमचे खनिज सौम्य गंधकाम्लात उकळत होते. अमेरिकेत हिलेब्रँड यांना तशाच खनिजातून वायू मिळाला होता आणि त्यांनी तो नायट्रोजन मानला होता. रॅम्झींनी वायू शुद्ध करून नळीत भरला, वीज सोडली आणि D3 समोर आली. विल्यम क्रूक्स यांनी मोजून खात्री केली. उप्सालाला क्लेव्ह आणि लांगलेट यांनाही तो स्वतंत्रपणे मिळाला. खनिजात हेलियम कुठून आला, हे कोडे रदरफोर्ड आणि रॉइड्स यांनी 1909 पर्यंत सोडवले: युरेनियममधून बाहेर पडणारे अल्फा कण म्हणजेच हेलियमची केंद्रके.

विजयदुर्गाची खरी पाळी यानंतरची. 1896 च्या ग्रहणाला लॉकयर नॉर्वेत गेले होते आणि ढगांनी सारे पाण्यात गेले. 1898 चे ग्रहण जानेवारीतले, म्हणजे कोकणात निरभ्र आभाळाचे दिवस. एचएमएस मेल्पोमीनी ही नौका मदतीला होती. खलाशांना उपकरणांवर आणि चित्रे काढण्यावर नेमले होते. घाटावर जेऊरला पुण्याचे प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला आणि अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे कॅम्पबेल होते. खग्रास अवस्था दोन मिनिटांच्या आसपासची.

इथे वापरलेला मुख्य कॅमेरा फटीशिवायचा, भिंगापुढे लोलक बसवलेला. सूर्य झाकला जाताना उरलेली वर्णावरणाची बारीक कोरच फटीचे काम करते, म्हणून प्रत्येक मूलद्रव्याची रेषा कमानीसारखी उमटते. कमान किती लांब यावरून तो वायू किती उंचीपर्यंत आहे हे कळते. अडचण वेळेची असते. हा झगमगता वर्णपट काही सेकंदच टिकतो, फोटोची प्लेट अर्धा श्वास उशिरा उघडली तरी खालचे थर गेले. साध्या प्लेटा पिवळ्या रंगाला मंद, त्यामुळे फोटोसाठी हेलियमची 447.1 नॅनोमीटरची निळी रेषा जास्त उपयोगी. आणि उपकरण जराही हलता कामा नये. पायांच्या आणि वाऱ्याच्या हादऱ्याने रेषा पुसट होतात, म्हणून दुर्बिणीला जमिनीत घट्ट बसवलेले चौथरे लागतात. कट्टे आहेत ते यासाठी. 1868 मध्ये ज्या वायूची फक्त एक अनोळखी रेषा होती, त्याच्या प्रयोगशाळेत मोजलेल्या रेषा सूर्याशी ताडून पाहण्याच्या त्या पहिल्या काही संधींपैकी ही एक, आणि ती याच किल्ल्यात साधली गेली. किल्ल्यावर फलक लावायचा तर त्यावर हेच लिहावे. किल्ल्याचा मान त्याने तसूभरही कमी होत नाही.

आज हेलियम मुख्यतः नैसर्गिक वायूच्या विहिरींतून मिळतो. उणे 269 अंश सेल्सियसला उकळतो, म्हणून एमआरआयची चुंबके थंड ठेवायला लागतो.

हेलियम दिनाला शाळांत D3 खरोखर दाखवता येते. हेलियमची डिस्चार्ज नळी (वीज सोडल्यावर आतला वायू उजळणारी काचेची नळी) हवी. फुग्यातला वायू नुसता धरून काही दिसत नाही. नळीपुढे दोन ब्लेडच्या धारांमध्ये 0.2 मिलिमीटरची उभी फट ठेवा आणि एक मीटरवरून 600 रेषा प्रति मिलिमीटरच्या ग्रेटिंगमधून (उजेडाचे रंग सुटे करणारी, बारीक रेषांची पट्टी) बघा. फटीच्या खालच्या अर्ध्या भागामागे मीठ टाकलेल्या स्पिरिटच्या दिव्याची ज्योत आणा. सोडियम आणि हेलियमच्या पिवळ्या रेषा वर-खाली येतील, मध्ये एक मिलिमीटरला किंचित कमी अंतर दिसेल. फट एक मिलिमीटर ठेवली तर दोन्ही रेषा एकमेकींत मिसळतात. 1868 मध्ये बहुतेकांचे जे झाले तेच होते. नळीच्या वीजपुरवठ्याला काही हजार व्होल्ट असतात, तेव्हा तो शिक्षकांनीच हाताळावा आणि खोली पूर्ण काळोखी करावी.