कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणांतील जामीन : आमच्या पक्षकारांसाठी माहितीपत्रक

‘डीव्हीमध्ये (डोमेस्टिक व्हायोलन्स, म्हणजे कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणात) अटक होते का?’ हा प्रश्न आमच्या कार्यालयात सर्वाधिक विचारला जातो आणि त्याचे उत्तर आपल्या हाती कोणता कागद आला आहे, यावर ठरते. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याच्या कलम १२ खालील अर्जाची नोटीस आली असेल, तर तेथे संरक्षण, निवास आणि निर्वाहखर्च यांचा निर्णय होतो. त्या नोटिशीवर अटक होत नाही, म्हणून जामीनही मागावा लागत नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ खाली, म्हणजेच १ जुलै २०२४ पूर्वीच्या भारतीय दंड संहितेच्या ४९८-अ खाली, पती किंवा त्याच्या नातेवाइकांनी केलेल्या क्रूरतेचा गुन्हा नोंद झाला असेल, तर मात्र जामिनाचा विचार करावा लागतो.

हा गुन्हा अजामीनपात्र आहे, याचा अर्थ जामीन मिळत नाही असा नसून तो देण्याचा निर्णय न्यायालयाचा असतो, एवढाच आहे. कमाल शिक्षा तीन वर्षांची असल्याने अर्नेशकुमार प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाचा २०१४ चा निकाल येथे लागू पडतो : केवळ गुन्हा नोंदला म्हणून अटक करता येत नाही, अटकेची गरज पोलिसांनी लेखी कारणांनिशी दाखवावी लागते आणि एरवी हजर राहण्याची नोटीस द्यावी लागते. अटकपूर्व जामिनाच्या सुनावणीत सत्र न्यायालय दुखापतीचे वैद्यकीय प्रमाणपत्र, आरोप किती नेमके आहेत, आधीच्या तक्रारी, स्त्रीधनाचा तपास, प्रत्येक आरोपीची स्वतंत्र भूमिका आणि कोठडीत चौकशीची खरोखर गरज आहे का, हे पाहते. हुंडाबळीच्या आरोपात किमान शिक्षाच सात वर्षांची असल्याने तेथील कसोटी फार कठोर असते.

मात्र चांगले चाललेले अर्ज ज्या एका गोष्टीने अडतात, ती म्हणजे फिर्यादीशी साधलेला संपर्क. अंतरिम संरक्षण (अर्जाचा निकाल लागेपर्यंत अटकेपासून संरक्षण) मिळाले की पती ‘घरी ये, सगळे नीट होईल’ असा संदेश पाठवतो, किंवा एखादे काका समेटासाठी तिच्या माहेरी जातात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी प्रक्रियेच्या कायद्याच्या) कलम ४८२ नुसार, म्हणजे अटकपूर्व जामीन देताना, घातल्या जाणाऱ्या अटींत प्रकरणाची माहिती असलेल्या व्यक्तीला धमकी, आमिष किंवा वचन देण्यास मनाई असते. त्यामुळे प्रेमाने दिलेले वचनही सरकारी पक्षाच्या ‘से’मध्ये (अर्जावरील लेखी म्हणण्यात) दबाव म्हणून मांडले जाऊ शकते. मग त्याचा खुलासा करण्यासाठी प्रतिज्ञापत्र द्यावे लागते, तारीख पुढे जाते आणि कधी मिळालेले संरक्षणही जाते. संपर्काला मनाई करणारा, २००५ च्या कायद्याखालील संरक्षण आदेश आधीच झालेला असेल, तर त्याचा भंग हा स्वतंत्र अजामीनपात्र गुन्हा असून त्याला एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

म्हणूनच समेटाचा प्रस्ताव आम्ही समोरच्या वकिलांमार्फत लेखी पाठवतो किंवा मध्यस्थी केंद्रात ठेवतो, मुलांच्या भेटीसाठी न्यायालयात स्वतंत्र अर्ज करतो आणि स्त्रीधन तपासी अधिकाऱ्यांसमोर पंचनाम्याने परत देण्यास सांगतो. काही पक्षकारांना ही पद्धत संथ वाटते. परंतु अशा प्रकारे झालेला प्रत्येक व्यवहार पुढे न्यायालयाला दाखवता येतो. सासू, सासरे, नणंद यांच्याशी आम्ही वेगवेगळे बोलतो, कारण सरसकट आरोपांना उत्तर देताना कोण कोठे राहत होते आणि कोण केव्हा उपस्थित होते, हे तपशीलच उपयोगी पडतात. निकालाची हमी मात्र आम्ही कोणालाही देत नाही.

फिर्यादी महिलांची प्रकरणेही आम्ही तितक्याच काळजीने चालवतो. जामिनाच्या टप्प्यावर पीडितेला म्हणणे मांडण्याचा अधिकार आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये स्पष्ट केले आहे. त्यामुळे धमकीचा कोणताही संदेश पुसून टाकू नये, तो तपासी अधिकाऱ्यांकडे लेखी अर्जासह द्यावा आणि त्याची पोच घ्यावी. अटींचा भंग झाल्यास जामीन रद्द करण्याचा अर्ज अशाच पुराव्यावर उभा राहतो.

पहिल्या भेटीस येताना प्रथम खबर अहवालाची प्रत, पोलिसांची नोटीस, भरोसा सेलमधील (पोलिसांच्या महिला साहाय्य कक्षातील) समुपदेशनाचे कागद आणि दोन्ही बाजूंचे संदेश काहीही न वगळता आणावेत. आपल्याला अडचणीचे वाटणारे संदेश आधी आम्ही वाचलेले असले, तर अर्जाच्या मसुद्यातच त्यांचे उत्तर देता येते.