ऑपेरा-संकलक

ऑपेरा किंवा संगीत नाटकाच्या चित्रीकरणातून चित्रपट, दूरचित्रवाणी कार्यक्रम वा ध्वनिचित्रफीत बांधणारा संकलक. कट कुठे पडायचा हे या कामात पात्राच्या हालचालीपेक्षा गायकाचा श्वास अधिक ठरवतो. म्हणून सुरांची जाण आधी लागते. सॉफ्टवेअर काय, दोन महिन्यांत येते.

ऑपेरात कामाच्या दोन तऱ्हा आहेत. स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन यांच्या ‘द मॅजिक फ्लूट’ या चित्रपटात (१९७५) संगीत आधी मुद्रित झाले आणि अभिनय त्यावर बेतला. दुसरी तऱ्हा रंगमंचावरच्या प्रयोगाची. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराने (‘मेट’) डिसेंबर २००६ पासून चित्रपटगृहांत थेट प्रक्षेपण सुरू केले. त्यात कॅमेरे बदलण्याचे निर्णय स्वरलिपी समोर ठेवून तिथल्या तिथे घ्यावे लागतात. डिस्कसाठी मात्र दोन-तीन प्रयोगांतले तुकडे जोडता येतात, कारण स्वरलिपी ठरलेली असते.

ठाणे-वाशीच्या संकलकाला ही सोय नाही. त्याच्या वाट्याला येते ते ऑपेराचे मराठी भावंड, म्हणजे १८८० च्या ‘संगीत शाकुंतल’पासून चालत आलेले संगीत नाटक. तलावपाळीवरच्या गडकरी रंगायतनात आज घेतलेली तान उद्या वाशीच्या भावे नाट्यगृहात तशीच येईल याची खात्री खुद्द गायकालाही नसते. त्यात वन्समोर! पद दोनदा ठेवले तर घरी पाहणारा कंटाळतो. एक काढले तर टाळ्यांचे शेपूट पुढच्या संवादावर येते. जाणता संकलक बहुधा दुसऱ्यांदाचे पद ठेवतो. गळा तोवर तापलेला असतो.

सिंकमध्ये, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवण्यात, नवखे हमखास फसतात. आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. मागच्या रांगेतला कॅमेरा रंगमंचापासून १५ मीटरवर धरला, तर त्याच्या माइकला आवाज सुमारे ४४ मिलिसेकंद उशिरा पोहोचतो. सेकंदाला २५ चौकटींच्या (फ्रेमच्या) चित्रात एक चौकट ४० मिलिसेकंदांची असते. कॅमेऱ्याचा आणि रंगमंचावरचे माइक एकत्र करणाऱ्या मिक्सरचा आवाज वेव्हफॉर्म (आवाजाचा आलेख) पाहून नुसता जुळवला की चित्र एक चौकट पुढे सरकते. तबलजीचा हात आधी पडतो, ‘धा’ मागून ऐकू येतो. एवढा फरक बऱ्याच जणांना जाणवत नाही, पण तबला शिकलेल्याला तो खटकतो. अशा वेळी वेव्हफॉर्म बाजूला ठेवून हाताच्या थापेवर सिंक लावावे. पदाचा मुखडा समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, येत असताना कट टाळावा. सम होऊन दाद उठली की मग प्रेक्षागृह दाखवावे. तान चालू असताना उघड्या तोंडाचा क्लोजअप फार वेळ धरू नये, गायक कितीही देखणा असो.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये (स्थापना १९६०) संकलन शिकवले जाते. ताल-सुराची तालीम गुरूकडेच घ्यावी लागते. ऑपेरा शिकू पाहणारे ठाणेकर ‘मेट’ची प्रक्षेपणे पाहायला नरिमन पॉइंटच्या एनसीपीए या कलाकेंद्रापर्यंत जातात. निव्वळ या कामावर घर चालणे कठीण. महिन्याचे पैसे घोडबंदर रोडला चित्रित होणाऱ्या मालिकांच्या एपिसोडमधून आणि लग्नाच्या व्हिडिओंतून येतात. नाटकाचे फुटेज हार्ड डिस्कवर रविवारची वाट पाहते.