सेक्रेड गेम्स
सेक्रेड गेम्स : मुंबईच्या गुन्हेगारी जगावरील हिंदी वेब मालिका, नेटफ्लिक्सची पहिली मूळ भारतीय मालिका. पहिले पर्व ६ जुलै २०१८ रोजी, दुसरे १५ ऑगस्ट २०१९ रोजी प्रदर्शित झाले. प्रत्येकी ८ भाग. विक्रम चंद्रा यांच्या त्याच नावाच्या इंग्रजी कादंबरीवर (२००६) ती आधारलेली आहे.

मालिकेच्या रांगडेपणाचे मूळ कोठे, याविषयी दोन मते दिसतात. मालिकेतील गुंड गणेश गायतोंडे याच्या कथाभागाचे दिग्दर्शक अनुराग कश्यप हे ‘सत्या’ (१९९८) या चित्रपटाचे एक पटकथाकार. म्हणून काही जण तिचा वंश त्या चित्रपटापर्यंत नेतात. तथापि इन्स्पेक्टर सरताज सिंग हे पात्र चंद्रांच्या १९९७ च्या कथासंग्रहातच येऊन गेले होते, आणि इंग्रजी वाक्यात बंबईया शब्द बिनदिक्कत पेरण्याची रीतही चंद्रांचीच. त्यामुळे कादंबरीकडे बोट दाखवणारे मत अधिक ग्राह्य वाटते. पडद्यावरच्या ‘अपुन’च्या बोलीवर मात्र हिंदी सिनेमाचे ऋण असावे.

पकड बसते ती रचनेमुळे. गणेश गायतोंडे (नवाजुद्दीन सिद्दीकी) सरताजला (सैफ अली खान) फोन करतो, शहर वाचवायला २५ दिवस आहेत असे सांगतो आणि पहिल्याच भागात स्वतःला गोळी घालून घेतो. पुढची कथा हा मेलेला माणूसच सांगतो. गुन्हेगार कोण हे कोडे उरत नाही. तो असा का घडला, याचाच ध्यास लागतो. ‘अश्वत्थामा’, ‘हलाहल’, ‘ययाति’ ही भागांची नावे त्या प्रश्नाला पुराणांचा आधार देतात.

मराठी प्रेक्षकाला मात्र ही मालिका खऱ्या अर्थाने आपली वाटते ती सरताजच्या हाताखालच्या हवालदार काटेकरमुळे (जितेंद्र जोशी). साहेबाशी हिंदीत बोलणारा हा माणूस घरी बायकोशी, शालिनीशी (नेहा शितोळे), मराठीत बोलतो. बांगलादेशी वस्तीतल्या लोकांविषयी त्याच्या मनात आकस आहे, तो लपवलेला नाही. तरीही त्याचा मृत्यू जिव्हारी लागतो. हवालदार म्हणजे विनोदाची सोय, ही हिंदी पडद्याची जुनी खोड येथे मोडली, आणि हे या मालिकेचे मोठेच देणे आहे. गिरीश कुलकर्णी यांनी रंगवलेला राजकारणी भोसलेही लक्षात राहतो.

दुसऱ्या पर्वात गुरुजी (गायतोंडेचे आध्यात्मिक गुरू) व सर्वनाशाचे सूत्र प्रबळ होते. शेवट अनिर्णित ठेवला आहे.