संध्याकाळचं निळं आकाश आणि होंग क्युंग-प्यो

‘पॅरासाइट’ला 2020 साली चार ऑस्कर मिळाले, पण छायाचित्रणासाठी साधं नामांकनही नव्हतं. मला हे अजून खटकतं. त्याचे छायाचित्रकार होंग क्युंग-प्यो म्हणजे कोरियन सिनेमातला दादा माणूस. ‘मदर’ (2009), ‘स्नोपिअर्सर’ (2013), ‘द वेलिंग’ (2016) ही सगळी त्यांचीच कामं. पण इथे बोलायचंय ते ‘बर्निंग’मधल्या (2018) एका दृश्याबद्दल. उत्तर कोरियाच्या सीमेलगतच्या पाजूत, एका शेतघराच्या अंगणात, मावळतीला नायिका नाचते आणि हळूहळू तिची नुसती काळी आकृती उरते.

असं दृश्य टिपायला वेळ थोडाच असतो: सूर्य क्षितिजाखाली साधारण 6 अंश जाईपर्यंतचा. पृथ्वी तासाला 15 अंश फिरते. सूर्य सरळ खाली गेला, तर क्षितिजाखाली 6 अंश जायला त्याला 24 मिनिटं लागतात. पाजू 38 अक्षांशाजवळ असल्याने तिथे तो तिरका बुडतो, म्हणून थोडा जास्त वेळ मिळतो. मुंबईत घाई अधिक. या 6 अंशांच्या प्रवासात उजेड सुमारे 400 लक्सवरून (लक्स हे उजेड मोजायचं एकक) 3-4 लक्सवर येतो, म्हणजे शंभरपट किंवा त्याहूनही जास्त घटतो. कॅमेऱ्याच्या हिशेबात जवळपास सात स्टॉप (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा)!

आणि त्या वेळचा निळा रंग? शाळेत शिकलेलं प्रकाशाचं विकिरण इथे पुरत नाही. मावळतीचे किरण हवेतून खूप लांबचा प्रवास करतात आणि त्यातला निळा भाग वाटेतच विखरून जातो. त्या हिशेबाने डोक्यावरचं आकाश पिवळट-करडं दिसायला हवं. ते निळं राहतं ते ओझोनमुळे. ओझोन 600 नॅनोमीटरच्या आसपासचा, म्हणजे नारिंगी-पिवळा प्रकाश शोषतो. या शोषणपट्ट्याला शाप्पुई पट्टा म्हणतात. दुपारी किरण ओझोनच्या थरातून जवळजवळ सरळ खाली येतात, त्यामुळे हा परिणाम नगण्य असतो. संध्याकाळी मात्र ते त्याच थरातून तिरके, लांबवर जातात, नारिंगी-पिवळा भाग गळतो आणि निळा वरचढ ठरतो. अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञ एडवर्ड हल्बर्ट यांनी 1953 मध्ये हे गणिताने दाखवलं. सूर्यास्ताच्या वेळी डोक्यावरच्या निळाईत ओझोनचा वाटा सुमारे दोन तृतीयांश! (कातरवेळी केस विंचरू नयेत म्हणणाऱ्यांनी त्या वेळी जरा वर बघावं. आणि हा रंग मोबाइलच्या फिल्टरमधून येतो असं समजणाऱ्यांनीही.)

‘बर्निंग’च्या पुढच्याच वर्षी आलेल्या ‘पॅरासाइट’मध्ये उलटी गंमत आहे: तिथे दृश्याने सूर्याची वेळ गाठली, इथे घरच सूर्य पाहून उभं राहिलं. श्रीमंतांचं घर म्हणजे दक्षिण कोरियातल्या चॉन्जू शहरात उघड्यावर उभारलेला सेट, आणि तो बांधण्याआधी सूर्य कुठून कुठे सरकतो हे पाहिलं गेलं होतं.