आत्मपर माहितीपट

आपण कोण, कुठले आणि कोणाचे, हा प्रश्न दिग्दर्शक स्वतःला, कुटुंबाला किंवा आपल्या समाजगटाला विचारतो, तो आत्मपर माहितीपट. निवेदनात ‘मी’ असलाच पाहिजे असे नाही. चित्रित होणाऱ्या माणसांशी दिग्दर्शकाचे असलेले नाते हाच विषय होतो, ही या प्रकाराची खरी खूण.

उगमाविषयी एकमत नाही. एक मत तो १९६० च्या सुमारास आलेले हलके १६ मिमी कॅमेरे आणि खांद्याला अडकवता येणारा नाग्रा ध्वनिमुद्रक यांच्याशी जोडते. झाँ रूश व एदगार मोरँ यांच्या ‘क्रॉनिक दँ एते’ (१९६१) या फ्रेंच माहितीपटात नाझी छळछावणीतून वाचलेली मार्सलीन लोरिदाँ ध्वनिमुद्रक सोबत घेऊन पॅरिसमध्ये एकटीच चालते, तिथल्या आठवणी स्वतःशीच बोलते. कॅमेरा हळूहळू दूर जातो, आवाज मात्र कानाशीच राहतो. दुसरे मत चित्रपटकार योनास मेकास यांच्या रोजनिशीवजा चित्रणाला अग्रमान देते. १९४४ मध्ये लिथुएनिया सोडलेले मेकास १९४९ मध्ये न्यूयॉर्कला पोहोचले आणि लवकरच बोलेक्स कॅमेऱ्याने चित्रण करू लागले. त्याची चावी एकदा भरली की जेमतेम अर्धा मिनिट चाले, म्हणून दृश्ये तुटक. निवेदन कित्येक वर्षांनी जोडलेले. चित्र तेव्हाचे, आवाज आजचा. मधल्या अंतरातच दुरावा ऐकू येतो. प्रकाराचे मूळ या अंतरात शोधणे अधिक सयुक्तिक वाटते. माहितीपटांचे अभ्यासक बिल निकोल्स यांनी १९९४ मध्ये ‘पर्फॉर्मेटिव्ह’ (दिग्दर्शकाचा स्वतःचा अनुभव केंद्रस्थानी असलेला) हा स्वतंत्र गट मांडला, त्यात असे बरेच चित्रपट बसतात.

घरगुती चित्रफिती हे मुख्य साधन, आणि चुकाही तिथेच होतात. साधी ८ मिमी फीत बहुधा सेकंदाला १६ चौकटींनी (फ्रेमनी), सुपर ८ ही १८ चौकटींनी चित्रित केलेली असते. १६ चौकटींची फीत तशीच २४ ला चालवली तर आजी दीडपट वेगाने चालते आणि प्रेक्षक हसतो. व्हिनेगरसारखा वास येणारी, आकसलेली फीत प्रक्षेपकात घालू नये, कडेची छिद्रे फाटतात. दातेरी चाक नसलेल्या स्कॅनरवर ती उतरवावी. छायाचित्राची मागची बाजूही स्कॅन करावी, तारीख आणि गाव पुष्कळदा तिथेच लिहिलेले असते.

मुलाखत संपताच सगळ्यांना गप्प बसवून त्याच खोलीची शांतता ३० ते ६० सेकंद मुद्रित करावी. नाहीतर संकलनात प्रत्येक तोडीला (कटला) पार्श्वध्वनी दचकतो. नातेवाइकाकडून तिथल्या तिथे भाषांतर करून घेऊ नये, तो अवघड वाक्ये गाळतो.

उपशीर्षकांकडे फारसे लक्ष दिले जात नाही. वृद्ध व्यक्ती एकाच वाक्यात दोन भाषा बोलते, तेव्हा एकाच रंगातले उपशीर्षक तो बदल पुसून टाकते. रागावताना ती कोणत्या भाषेत गेली, हे दिसलेच पाहिजे. त्यासाठी दुसऱ्या भाषेला वेगळा रंग किंवा तिरपी अक्षरे वापरावीत.