पॉइंटरचं वजन

माझी भाची काटोलची. बीएस्सीसाठी नागपूरला आली आणि आमच्याकडेच राहते. मुख्य विषय भौतिकशास्त्र. पहिल्या सत्राचा निकाल लागला त्या संध्याकाळी ती गुणपत्रिका आणि वही घेऊन माझ्यासमोर येऊन बसली.

"मामा, यांनी माझा पॉइंटर चुकीचा काढला. मी तीनदा मोजलं. माझा ८.७० येते, इथं ८.४५ छापला आहे."

पॉइंटर म्हणजे सगळ्या विषयांच्या ग्रेड पॉइंटांची मिळून निघणारी सरासरी. वहीत दहा विषय आणि दहा ग्रेड पॉइंट एकाखाली एक लिहिले होते. बेरीज ८७, भागिले १०. बेरजेत चूक नव्हती, भागाकारातही नव्हती. मी आयुष्यभर संख्याशास्त्र शिकवलं, आणि दर वर्षी पहिल्या वर्षाच्या वर्गात ही एक गोष्ट नव्यानं समजावावी लागायची: दहाही विषय एकाच वजनाचे धरले की उत्तर चुकतं.

तिला गुणपत्रिकेआधी संत्र्यांची आठवण करून दिली. तिच्या बाबांची काटोलला संत्र्याची बाग आहे आणि माल नागपूरच्या कळमना मार्केटला येतो. समजा एका हंगामातली, अंबिया बहाराची, ८ टन संत्री टनाला २०,००० रुपयांनी गेली आणि दुसऱ्या हंगामातली, मृग बहाराची, फक्त २ टन, पण ४५,००० रुपयांनी. वर्षाचा सरासरी भाव किती? दोन भावांची बेरीज करून निम्मे केले तर ३२,५०० येतात. पण हातात आलेले पैसे मोजा: १,६०,००० अधिक ९०,०००, म्हणजे अडीच लाख. माल १० टन. खरा सरासरी भाव २५,०००. चांगल्या भावाला माल थोडा होता, म्हणून तो भाव सरासरीला फार वर ओढू शकला नाही. शेतकऱ्याच्या घरात हे कोणाला शिकवावं लागत नाही. भाचीनंही लगेच मान डोलावली.

पॉइंटरमध्ये ग्रेड पॉइंट म्हणजे भाव आणि क्रेडिट, म्हणजे विषयाला ठरवून दिलेलं वजन, हे टन. प्रत्येक विषयाचा ग्रेड पॉइंट त्याच्या क्रेडिटनं गुणायचा, सगळे गुणाकार मिळवायचे आणि एकूण क्रेडिटनं भागायचं. ही भारित सरासरी. एका सत्राची काढली की एसजीपीए, आजवरच्या सगळ्या सत्रांची काढली की सीजीपीए. ग्रेडची शिडी विद्यापीठ अनुदान आयोगानं १० पॉइंटांची ठेवली आहे: ओ ला १०, ए प्लसला ९, ए ला ८, बी प्लसला ७, बी ला ६, सी ला ५, पी म्हणजे जेमतेम पासला ४ आणि नापासाला शून्य.

आता तिचं सत्र पाहा. एकूण २२ क्रेडिट. भौतिकशास्त्राची थिअरी ४ क्रेडिटची, तिथं ६ पॉइंट. प्रॅक्टिकल २ क्रेडिटचं, तिथं ९. बाकी आठ विषय, भाषा, मूल्यशिक्षण, भारतीय ज्ञानप्रणाली, कौशल्य वगैरे, प्रत्येकी २ क्रेडिटचे, आणि तिथल्या पॉइंटांची बेरीज ७२. म्हणजे थिअरीचे २४, प्रॅक्टिकलचे १८ आणि बाकीचे १४४, मिळून १८६. भागिले २२. उत्तर ८.४५. गुणपत्रिका बरोबर होती. जिथं वजन सर्वांत जास्त, तिथंच ग्रेड सर्वांत कमी होती.

"पण प्रॅक्टिकलला तर आठवड्यातले चार तास जातात," ती म्हणाली. "थिअरीलाही चारच. मग त्याला २ आणि याला ४ काहून?"

प्रश्न रास्त आहे. आयोगाच्या हिशेबात सत्रभरातले व्याख्यानाचे १५ तास म्हणजे एक क्रेडिट, पण प्रयोगशाळेतले ३० तास मिळून एक क्रेडिट. तास सारखेच, वजन निम्मं. व्याख्यानाच्या प्रत्येक तासामागं घरी अभ्यास करावा लागतो, प्रयोगाचं बरंचसं काम तिथंच उरकतं, असा त्यामागचा विचार. जर्नल लिहून हात दुखलेल्या मुलांना तो पटत नाही, आणि मलाही पूर्ण पटत नाही. तास मोजून शिक्षण मोजायच्या या पद्धतीचा उगमही शिकण्याच्या अभ्यासातून झालेला नाही. १९०५ साली अमेरिकेत अँड्र्यू कार्नेगी यांच्या देणगीतून कॉलेजातल्या प्राध्यापकांना निवृत्तिवेतन देणारी संस्था उभी राहिली. त्या योजनेत यायचं तर कॉलेजांनी प्रवेशासाठी माध्यमिक शाळेतल्या अभ्यासाची ठरावीक एककं मागायला हवीत, अशी अट आली, आणि ती एककं तासांत मोजली जाऊ लागली. आजच्या क्रेडिटचं नातं तिथवर जातं.

पण त्या संध्याकाळी मला तिला दुसरीच गोष्ट दाखवायची होती. मी फक्त भौतिकशास्त्राच्या दोन ओळींवर बोट ठेवलं. २४ अधिक १८, म्हणजे ४२. भागिले ६ क्रेडिट. उत्तर ७.००.

ती थोडा वेळ काही बोलली नाही. एकूण ८.४५, बाकीच्या विषयांत ९.००, आणि ज्या विषयासाठी काटोल सोडून आली त्यात ७.००. हा तिसरा आकडा गुणपत्रिकेवर ठळक छापलेला नसतो. अमेरिकेत विद्यार्थी तो वेगळा काढून ठेवतात, तिथं त्याला मेजर जीपीए म्हणतात. आपल्याकडेही आता मेजर (मुख्य विषय) आणि मायनर (दुय्यम विषय) आले आहेत. तीन वर्षांच्या पदवीला १२० ते १३२ क्रेडिट आणि त्यातले निम्मे तरी मेजरचे, अशी चौकट महाराष्ट्रात आहे. माझं म्हणणं असं की प्रत्येक विद्यार्थ्यानं पहिल्या दिवसापासून दोन खाती ठेवावीत, एक एकूण क्रेडिटचं आणि एक मेजरचं. कारण दोन्ही खाती वेगळ्या चालीनं चालतात.

एकूण खातं कसं चालतं ते आमच्या शेजारच्या मुलाच्या उदाहरणातून सांगतो. तो तिसऱ्या वर्षाला आहे. पाच सत्रांनंतर त्याचा सीजीपीए ७.२० आहे आणि पदवी संपताना त्याला ७.५० हवा आहे. त्याला वाटत होतं की शेवटच्या सत्रात ७.८० मिळवला की ७.२० आणि ७.८० यांच्या मधोमध ७.५० येईल. प्रत्येक सत्र २२ क्रेडिटचं धरा, एकूण १३२. ७.५० साठी क्रेडिट आणि पॉइंट यांच्या गुणाकारांची बेरीज ९९० व्हायला हवी. पाच सत्रांत त्याचे ११० क्रेडिटवर ७९२ जमले आहेत. उरलेले १९८ शेवटच्या २२ क्रेडिटवर मिळवायचे, म्हणजे ९.००. सगळ्या विषयांत सरासरी ए प्लस.

हेच गणित चौथ्या सत्रानंतर मांडलं असतं तर? तेव्हाही सीजीपीए ७.२० असता, तर उरलेल्या दोन सत्रांत ८.१० पुरला असता. तिसऱ्यानंतर ७.८०. दुसऱ्यानंतर फक्त ७.६५. मागे राहिलेलं अंतर प्रत्येक वेळी तेच, ०.३०. पण ते भरून काढायला दुसऱ्या सत्रानंतर लक्ष्याच्या ०.१५ वर चालावं लागतं आणि पाचव्यानंतर तब्बल १.५० वर.

हा तरफेचा नियम आहे. आर्किमिडीजनं ख्रिस्तपूर्व तिसऱ्या शतकात सिद्ध केलेला, अंबाझरीच्या बागेत सी-सॉवर बसलेल्या लहान मुलालाही अंगानं कळणारा. टेकू ७.५० वर आहे. एका बाजूला ११० क्रेडिटचं वजन टेकूपासून ०.३० अंतरावर बसलं आहे, गुणाकार ३३. दुसऱ्या बाजूला बसायला २२ क्रेडिटच उरले, म्हणून त्यांना १.५० अंतरावर जाऊन बसावं लागतं. गुणाकार पुन्हा ३३. वजन कमी असेल तर दूर बसावं लागतं. आणि फळी १० पॉइंटांवर संपते, त्यापलीकडे बसायला जागाच नाही. पाच सत्रांनंतर सीजीपीए ७.०० च्या खाली असेल, तर सहाव्यात सगळीकडे ओ मिळाला तरी ७.५० होत नाही. हे आधी मोजलं की कळतं, नंतर कळून उपयोग नसतो. म्हणून मी मुलांना सांगतो की लक्ष्य ठरवलं त्याच दिवशी हे गणित उलटं मांडा.

भाचीनं यातून स्वतःच एक नियम काढला. सत्रं सारख्या क्रेडिटची असतील तर नवं सत्र आणि जुना सीजीपीए यांच्यातल्या फरकाचा दुसऱ्या सत्रात निम्मा भाग सीजीपीएमध्ये उतरतो, तिसऱ्यात एक तृतीयांश, चौथ्यात एक चतुर्थांश, सहाव्यात एक षष्ठांश. "जडत्वासारखं," ती म्हणाली. "वस्तुमान वाढत जाते, मग तेवढ्याच धक्क्यानं कमी हलते." भौतिकशास्त्राच्या विद्यार्थिनीकडून ही तुलना ऐकून मला फार आनंद झाला.

मेजरचं खातं मात्र वेगळं वागतं. पहिल्या वर्षी मेजरचे क्रेडिट थोडे असतात आणि पुढं वाढत जातात. समजा सहा सत्रांत ते ६, ६, १२, १२, १४ आणि १६ आहेत, एकूण ६६. पहिल्या वर्षाचे १२, म्हणजे पाचव्या हिश्शाहूनही कमी. एकूण खात्यात मात्र पहिल्या वर्षाचा वाटा १३२ पैकी ४४, थेट एक तृतीयांश. उलट शेवटच्या सत्राचं वजन एकूण खात्यात एक षष्ठांश, तर मेजरमध्ये जवळजवळ एक चतुर्थांश. म्हणून पहिल्या वर्षी मुख्य विषयात अडखळलेल्या मुलानं विषय सोडायचा विचार लगेच करू नये. ते खातं अजून हलकं आहे, हलवता येतं. आणि पहिल्या वर्षी हलक्या विषयांच्या जोरावर पॉइंटर ८ च्या वर गेला, तर त्यावर विसंबू नये. पुढं मेजर वजनदार होत जाईल तसा तोच ७.०० एकूण आकड्याला खाली ओढू लागेल.

एकूण आकडा दोन मुलांची तुलना करतानाही चकवतो. एका मुलानं ४४ पैकी ३० क्रेडिट मेजरचे घेतले, सरासरी ७.००, आणि बाकी १४ क्रेडिटमध्ये ९.००. दुसऱ्या कॉलेजातल्या मुलीचे मेजरचे १६ क्रेडिट, सरासरी ६.७५, आणि बाकी २८ मध्ये ८.७५. मेजरमध्ये मुलगा पुढं, इतर विषयांतही मुलगाच पुढं. पण एकूण? मुलाचे ३३६ भागिले ४४, म्हणजे ७.६४. मुलीचे ३५३ भागिले ४४, म्हणजे ८.०२. दोन्ही भागांत मागं असलेली मुलगी एकूणात पुढं गेली, कारण तिचं जास्त वजन सोप्या बाजूला होतं.

याला संख्याशास्त्रात सिम्प्सनचा विरोधाभास म्हणतात. एडवर्ड सिम्प्सन यांनी १९५१ साली तो लेखातून मांडला. त्याचं सर्वांत गाजलेलं उदाहरणही विद्यापीठातलंच आहे. १९७३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या बर्कली इथं पदव्युत्तर प्रवेशासाठी अर्ज करणाऱ्या पुरुषांपैकी सुमारे ४४ टक्क्यांना प्रवेश मिळाला आणि स्त्रियांपैकी सुमारे ३५ टक्क्यांना. उघड भेदभाव वाटावा असे आकडे. बिकेल, हॅमेल आणि ओकॉनेल यांनी विभागवार आकडे तपासले तेव्हा बहुतेक विभागांत स्त्रियांविरुद्ध तसा कल दिसला नाही. जिथं जागा थोड्या आणि प्रवेश मिळणंच अवघड, अशा विभागांकडे स्त्रियांचे अर्ज जास्त होते. हा अभ्यास १९७५ साली 'सायन्स' या नियतकालिकात आला. नोकरीसाठी वेगवेगळ्या कॉलेजांतल्या मुलांचे सीजीपीए एका यादीत चढत्या-उतरत्या क्रमानं लावणाऱ्यांनी तो जरूर लक्षात ठेवावा.

अजून एक गोष्ट अभ्यासाच्या नियोजनाशी थेट जोडलेली आहे. ग्रेड ही पायरी असते, उतार नसतो. समजा तुमच्याकडे ६० ते ६९ गुणांना ७ पॉइंट आणि ७० ते ७९ ला ८ आहेत. या सीमा प्रत्येक विद्यापीठाच्या वेगळ्या, आपल्या नियमावलीत पाहाव्या. सारख्या क्रेडिटच्या दोन विषयांत एकाला ६९ आणि ६९ मिळाले, दुसऱ्याला ६० आणि ७०. गुण १३८ आणि १३०. पॉइंट मात्र १४ आणि १५. आठ गुण कमी असलेला पुढं गेला. तेव्हा अंतर्गत परीक्षेचे गुण हाती आले की कुठला विषय पायरीच्या अगदी खाली थांबला आहे आणि तो किती क्रेडिटचा आहे, हे दोन्ही पाहावं. ४ क्रेडिटच्या विषयात एक पायरी चढणं म्हणजे २ क्रेडिटच्या विषयात दोन पायऱ्या चढण्याइतकं.

टक्केवारीबद्दल थोडक्यात. दहावीला सीजीपीए होता तेव्हाचा सीबीएसईचा ९.५ चा गुणक अजून अनेकांच्या तोंडी आहे. त्या हिशेबानं ७.५० म्हणजे ७१.२५ टक्के. सीजीपीएतून ०.७५ वजा करून १० नं गुणायची रीत अभियांत्रिकीत चालते, तिनं ६७.५ येतात. सरळ १० नं गुणलं तर ७५. एकाच मुलाचे तीन आकडे. आपल्या विद्यापीठानं दिलेलं सूत्र तेवढंच वापरायचं. आणि हे क्षुल्लक नाही, कारण आयोगाच्या २०२२ च्या चौकटीत चार वर्षांच्या संशोधनासह ऑनर्स पदवीसाठी पहिल्या सहा सत्रांत ७५ टक्के लागतात.

भाचीला तेच करायचं आहे. तिनं वहीचं नवं पान उघडलं आणि मधोमध रेघ मारली. डावीकडे एकूण: १८६, खाली २२. उजवीकडे मेजर: ४२, खाली ६. मग दुसऱ्या सत्राचा हिशेब. मेजर १२ क्रेडिटवर ८.०० ला न्यायचं तर ९६ हवेत. म्हणजे नव्या ६ क्रेडिटवर ५४, थिअरीत ९ आणि प्रॅक्टिकलमध्ये ९. थिअरीत ६ वरून ९ म्हणजे तीन पायऱ्या. तिनं ९ खोडून ८ केला, प्रॅक्टिकल ९ च ठेवलं. ३२ अधिक १८, म्हणजे ५०. एकूण ९२ भागिले १२. उजव्या रकान्यात ७.६७ लिहून तिनं खाली पेन्सिलीनं तारीख टाकली. मग फोन उचलून बाबांना विचारलं, या वर्षी अंबिया नक्की किती टन गेला होता.